मराठी ग्रंथशीर्षकांतील ‘बखर’ : एका शब्दाचा अर्थप्रवास

प्रस्तावना :

ग्रंथाचे शीर्षक हे वाचकाला मिळणारे पहिले आश्वासन असते. ‘चरित्र’, ‘इतिहास’, ‘आख्यान’, ‘आठवणी’, ‘कोश’ यांपैकी एखादा शब्द मुखपृष्ठावर दिसला, की आत काय असेल आणि त्यावर कितपत विश्वास ठेवावा, याचा अंदाज वाचक पहिले पान उलटण्यापूर्वीच बांधतो. अनेक ग्रंथांच्या शीर्षकांत एकच शब्द पुन्हा पुन्हा येतो तेव्हा ते सर्व ग्रंथ एकाच कुळातील असावेत, असाही समज होतो. हा समज नेहमीच बरोबर असतो असे नाही. मराठीत याचे सर्वांत बोलके उदाहरण म्हणजे ‘बखर’ हा शब्द.

‘सभासद बखर’, ‘भाऊसाहेबांची बखर’, ‘पाणिपतची बखर’, ‘मराठ्यांची बखर’, ‘महिकावतीची बखर’, ‘बखर बिम्मची’, ‘अंताजीची बखर’, ‘बखर भारतीय प्रशासनाची’ ही नावे एका यादीत लिहिली तर त्यांतील समान शब्द लगेच डोळ्यांत भरतो. परंतु या यादीत सतराव्या शतकाच्या अखेरीस लिहिलेले राजचरित्र आहे, एका इंग्रज अधिकाऱ्याच्या ग्रंथाचे भाषांतर आहे, लहान मुलाच्या विश्वाचे चित्रण आहे, कादंबरी आहे आणि प्रशासनावरील वैचारिक ग्रंथही आहे.

पदवीच्या वर्गात ‘भाऊसाहेबांची बखर’ शिकवीत असताना प्रस्तुत लेखिकेस एका उत्तरपत्रिकेत ‘ही बखर भाऊसाहेबांनी पानिपतच्या युद्धानंतर लिहिली’ असे वाक्य आढळले. सदाशिवराव भाऊ हे १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर पडले, हे त्या विद्यार्थ्यास अन्यत्र ठाऊक होते. त्याच उत्तरपत्रिकेत पुढे त्याने तसे लिहिलेही होते. म्हणजे चूक माहितीची नव्हती, शीर्षक वाचण्याची होती. ‘भाऊसाहेबांची’ या षष्ठीने त्याला फसविले होते. ग्रंथशीर्षक कसे वाचावे हे आपण विद्यार्थ्यांना शिकवतो काय, हा प्रश्न या प्रसंगातून निर्माण झाला आणि प्रस्तुत लेख हे त्याचेच फलित होय.

लेखाची उद्दिष्टे :

१. मराठी ग्रंथशीर्षकांत ‘बखर’ हा शब्द कोणकोणत्या काळी, कोणत्या अर्थाने आला आहे, हे स्पष्ट करणे.
२. शीर्षक ग्रंथकर्त्याने दिलेले आहे की संपादकाने, परंपरेने वा भाषांतरकाराने, या भेदाचे महत्त्व दाखविणे.
३. अध्यापन व ग्रंथालयीन व्यवहार यांच्या दृष्टीने या भेदाचा उपयोग सुचविणे.

‘बखर’ शब्द आणि त्याचा मूळ व्यवहार :

‘बखर’ या शब्दाच्या व्युत्पत्तीविषयी अभ्यासकांत एकमत नाही. अरबी ‘खबर’ या शब्दातील वर्णांची अदलाबदल होऊन ‘बखर’ झाला, हे मत सर्वाधिक प्रचलित आहे. ‘बखैर’ या फार्सी शब्दाशीही त्याचा संबंध जोडला जातो. व्युत्पत्ती कोणतीही मानली, तरी हकीकत, वार्ता, घडलेल्या गोष्टींचे कथन हा अर्थ या शब्दाभोवती दीर्घकाळ राहिला आहे. कैफियत, करीना, हकीकत, यादी, शकावली, तवारीख हे त्याचे शेजारी शब्द. मराठेशाहीच्या लेखनव्यवहारात यांतील प्रत्येकाला थोडेफार निराळे काम होते. तथापि त्यांच्या सीमारेषा आज आपण पाठ्यपुस्तकात आखतो तितक्या ठळक नव्हत्या. पानिपत प्रकरणावर ‘भाऊसाहेबांची बखर’ आहे, तशीच ‘भाऊसाहेबांची कैफियत’ही आहे.

येथे एक गोष्ट विशेष लक्षात घेण्याजोगी आहे. ज्या दोन ग्रंथांना आपण बखरवाङ्मयाचे ठळक नमुने मानतो, त्यांची औपचारिक नावे ‘बखर’ या शब्दावर आधारलेली नाहीत. कृष्णाजी अनंत सभासद याने राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून जिंजी येथे इ. स. १६९७ च्या सुमारास जो ग्रंथ रचला, तो ‘शिवछत्रपतींचे चरित्र’ या नावानेही छापला गेला आहे. मल्हार रामराव चिटणीस यांनी सातारच्या दुसऱ्या शाहू छत्रपतींच्या आज्ञेवरून १८१० च्या सुमारास लिहिलेला शिवाजी महाराजांवरील ग्रंथ ‘सप्तप्रकरणात्मक चरित्र’ म्हणून ओळखला जातो. थोरल्या शाहू महाराजांवरील त्यांचा ग्रंथही ‘चरित्र’च आहे. ‘सभासद बखर’ आणि ‘चिटणीस बखर’ ही सुटसुटीत नावे अभ्यासकांच्या व वाचकांच्या व्यवहारात रूढ झाली. हे व्यवहारनाम पुढे इतके बळकट झाले की मूळ ‘चरित्र’ हा शब्द मागे पडला.

हा फरक केवळ नावाचा नाही. ग्रंथ ‘चरित्र’ म्हणून वाचला, तर नायकाच्या गुणवर्णनाची अपेक्षा वाचक आधीच बाळगतो आणि अतिशयोक्तीकडे त्या दृष्टीने पाहतो. तोच ग्रंथ ‘बखर’ म्हणून, म्हणजे ‘खबर’ म्हणून वाचला, तर प्रत्येक वाक्याकडून वस्तुस्थितीची अपेक्षा केली जाते, आणि ती पूर्ण झाली नाही की ग्रंथकारावर दोषारोप होतो. सभासदाने न केलेल्या प्रतिज्ञेचा भंग त्याच्या माथी मारण्याचा हा प्रकार आहे.

षष्ठी विभक्तीचे चार अर्थ :

जुन्या शीर्षकांची रचना बहुधा ‘अमक्याची बखर’ अशी आहे. या ‘ची’ प्रत्ययाचा अर्थ मात्र सर्वत्र सारखा नाही.

पहिला अर्थ कर्तृत्वाचा. ‘सभासदाची बखर’ किंवा ‘चिटणिसांची बखर’ असे आपण म्हणतो तेव्हा सभासद आणि चिटणीस हे लेखक असतात.

दुसरा अर्थ विषयाचा. ‘भाऊसाहेबांची बखर’ भाऊसाहेबांविषयी आहे. तिचा कर्ता म्हणून कृष्णाजी शामराव याचे नाव घेतले जाते. ‘पेशव्यांची बखर’ पेशव्यांविषयी आहे. ती कृष्णाजी विनायक सोहनी याची.

तिसरा अर्थ स्थळाचा वा घटनेचा. रघुनाथ यादव याची ‘पाणिपतची बखर’ एका रणसंग्रामाची हकीकत सांगते. ‘महिकावतीची बखर’ उत्तर कोकणातील एका प्रदेशाची, तेथील राजवटींची आणि कुळांची हकीकत आहे.

चौथा प्रकार रचनेवरून पडलेल्या नावाचा. यात षष्ठीच नाही. ‘एक्याण्णव कलमी बखर’ हे नाव कर्ता सांगत नाही आणि विषयही सांगत नाही. ते केवळ मजकुराची कलमवार मांडणी सांगते.

वर उल्लेखिलेल्या विद्यार्थ्याने दुसऱ्या प्रकारचे शीर्षक पहिल्या प्रकाराप्रमाणे वाचले, एवढेच. परंतु आपणही ही सर्व शीर्षके फळ्यावर एकाखाली एक लिहितो आणि पुढच्या मुद्द्याकडे वळतो. तेव्हा या चुकीचा काही वाटा अध्यापकाकडेही येतो.

भाषांतरातील ‘बखर’ : इतिहासाचा पर्याय

एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात या शब्दाला एक नवे काम मिळाले. सातारा येथे रेसिडेंट राहिलेल्या जेम्स ग्रँट डफ याने मराठ्यांचा इतिहास इंग्रजीत लिहिला. तो तीन खंडांत १८२६ मध्ये लंडन येथे प्रसिद्ध झाला. १८३० च्या सुमारास कॅप्टन डेव्हिड केपन याच्या नावावर त्याचे मराठी भाषांतर निघाले, आणि त्याचे शीर्षक होते ‘मराठ्यांची बखर’. मूळ इंग्रजी शीर्षकात ज्या ठिकाणी इतिहासवाचक शब्द होता, त्या ठिकाणी मराठीत ‘बखर’ आला. ग्रँट डफची पद्धत जुन्या बखरकारांची नव्हती. कागदपत्रे जमवून, त्यांची तुलना करून, कालानुक्रम लावून त्याने ग्रंथ सिद्ध केला होता. तरीही मराठी वाचकाला हा ग्रंथ काय आहे हे सांगावयाचे, तर हाताशी असलेला आणि सर्वांना कळणारा शब्द ‘बखर’ हाच होता. याच काळात ‘इंग्लंड देशाची बखर’ या नावाचे पुस्तकही मराठीत आले. म्हणजे परदेशाचा इतिहासही ‘बखर’च होता.

याच काळात ‘इतिहास’ हा शब्दही मराठी ग्रंथशीर्षकांत येऊ लागला होता. बाळशास्त्री जांभेकर (१८१२-१८४६) यांचा ‘हिंदुस्थानचा इतिहास’ हे त्याचे उदाहरण. काही दशके हे दोन्ही शब्द एकाच अर्थाने शेजारी शेजारी नांदत होते. पुढे १८६० च्या दशकाच्या उत्तरार्धात नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी ग्रँट डफच्या ग्रंथावर प्रसिद्ध टीका लिहिली. ज्या ग्रंथावर ती होती, त्याचा उल्लेख मराठीत ‘ग्रँट डफची बखर’ असाच होत राहिला. एतद्देशीय साधनांच्या आधारे परकीय इतिहासकाराच्या चुका दाखविणाऱ्या त्या निबंधाच्या काळातही ‘बखर’ या शब्दाला कमीपणा आलेला नव्हता, असे यावरून म्हणता येते.

संपादक, साधने आणि शब्दाची उतरती प्रतिष्ठा :

१८७८ मध्ये ‘काव्येतिहाससंग्रह’ हे मासिक सुरू झाले. विष्णुशास्त्री चिपळूणकर, काशीनाथ नारायण साने आणि जनार्दन बाळाजी मोडक यांचा त्यामागे पुढाकार होता. साने यांनी अनेक बखरी संपादून छापल्या. हस्तलिखित रूपात दफ्तरांत आणि घराण्यांत पडून असलेला मजकूर छापील ग्रंथ झाला आणि त्याबरोबर त्याला मुखपृष्ठ लाभले. हस्तलिखिताला पोथीच्या आरंभीची वा समाप्तीची नोंद पुरते. छापील पुस्तकाला मात्र कायमचे नाव लागते. अनेक बखरींची आजची नावे स्थिर होण्यात या मुद्रणव्यवहाराचा मोठा वाटा आहे. म्हणूनच शीर्षकाचा काळ आणि ग्रंथाचा काळ यांत अंतर असू शकते, ही जाणीव अभ्यासकाने ठेवावयास हवी.

मुद्रणामुळे बखरी सर्वांसमोर आल्या, तसे त्यांचे दोषही समोर आले. वि. का. राजवाडे यांनी १८९८ मध्ये ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला. पानिपतपूर्व दशकातील अस्सल पत्रे त्यात होती. त्याच्या प्रस्तावनेत त्यांनी पत्रांच्या कसोटीवर बखरी घासून पाहिल्या आणि त्यांच्या विश्वसनीयतेवर कठोर आक्षेप घेतले. यानंतर ‘इतिहास’ आणि ‘बखर’ हे समानार्थी शब्द राहणे शक्य नव्हते. कागदपत्रांवर आधारलेला तो इतिहास आणि ऐकीव, रंगविलेली, कालविपर्यास असलेली ती बखर, अशी विभागणी झाली. इतिहासाच्या वर्गातून बखर दुय्यम साधन म्हणून मागे सरली आणि मराठीच्या वर्गात प्राचीन गद्याचा नमुना म्हणून स्थिरावली.

याच राजवाड्यांनी पुढे ‘महिकावतीची बखर’ संपादून १९२४ मध्ये प्रसिद्ध केली. या ग्रंथातील प्रकरणे वेगवेगळ्या काळी, वेगवेगळ्या हातांनी लिहिली गेली असून त्यांतील काही गद्यात, तर काही पद्यात आहेत. एका शीर्षकाखाली एकच ग्रंथ असतो, हे गृहीतकही येथे कोसळते. बखरींवर सर्वाधिक कठोर टीका करणाऱ्या संशोधकाने एका बखरीवर एवढे परिश्रम घ्यावेत, यात विसंगती नाही. त्यांचा आक्षेप बखर वाचण्यावर नव्हता, ती पडताळणीवाचून प्रमाण मानण्यावर होता.

र. वि. हेरवाडकर यांच्या ‘मराठी बखर’ या ग्रंथात हा शब्द आणखी निराळ्या नात्याने आला आहे. हा ग्रंथ स्वतः बखर नाही. बखर हा त्याचा अभ्यासविषय आहे. एखादा शब्द अशा रीतीने समीक्षाग्रंथाच्या शीर्षकात येतो, तेव्हा तो चालू लेखनप्रकार राहिलेला नसून अभ्यासाची वस्तू झालेला असतो.

आधुनिक साहित्यातील पुनरागमन :

इतिहासलेखनातून निवृत्त झालेला हा शब्द विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ललित साहित्याच्या मुखपृष्ठावर परत आला. जी. ए. कुलकर्णी यांची ‘बखर बिम्मची’, त्र्यं. वि. सरदेशमुख यांची ‘बखर : एका राजाची’, नंदा खरे यांची ‘अंताजीची बखर’ (१९९७) आणि तिच्या पुढील ‘बखर अंतकाळाची’ ही त्याची ठळक उदाहरणे होत.

या शीर्षकांत एक व्याकरणिक बदल दिसतो. जुनी रचना ‘भाऊसाहेबांची बखर’ अशी होती. नवी रचना ‘बखर बिम्मची’ अशी आहे. शब्दक्रम उलटला आहे. जुन्या रचनेत भर ‘कोणाची’ यावर होता, ‘बखर’ हे केवळ प्रकारनाम होते. नव्या रचनेत ‘बखर’ प्रथम उच्चारला जातो, कारण आता तोच लक्ष वेधून घेणारा, जुन्या काळाचा गंध असलेला शब्द आहे. त्यानंतर येणारे नाव वाचकाची अपेक्षा पालटते. बखर म्हटल्यावर राजा, सेनापती वा रणसंग्राम यावयाचा. तेथे बिम्म नावाचा लहान मुलगा येतो. लहान मुलाच्या दिवसांतही राजाच्या कारकिर्दीइतकी नोंदण्याजोगी सामग्री असते, हे या एका उलट्या शब्दक्रमाने सुचविले जाते.

‘अंताजीची बखर’ मात्र जुन्या क्रमाने आली आहे, आणि तेच उचित आहे. ही कादंबरी अठराव्या शतकातील अंताजी या कल्पित निवेदकाच्या तोंडून, जणू जुने दस्तऐवजच असावे अशा थाटात सांगितली आहे. म्हणून तिला जुन्या दस्तऐवजाचे नाव दिलेले आहे. येथील षष्ठीत कर्तृत्व आणि विषय हे दोन्ही अर्थ एकत्र आले आहेत : बखर लिहिणारा अंताजी आणि बखरीचा विषयही अंताजीच. जुन्या बखरीत लिहिणारा सेवक असे आणि विषय धनी असे. येथे सेवकाने स्वतःचीच बखर लिहिली आहे. दरबारी कथनात ज्याला जागा नव्हती, त्याच्या डोळ्यांनी मराठेशाही पाहण्याचा हा प्रयत्न असल्याने शीर्षकातील ही अदलाबदल कादंबरीच्या आशयाशी थेट जोडलेली आहे.

सरदेशमुखांच्या बाबतीतही शीर्षकातील शब्दाची निवड योगायोगाची वाटत नाही. २००३ चा साहित्य अकादमी पुरस्कार लाभलेल्या त्यांच्या कादंबरीचे नाव ‘डांगोरा : एका नगरीचा’ असे आहे. ‘बखर’ आणि ‘डांगोरा’ हे दोन्ही जुन्या राजव्यवहारातील, काही गोष्ट लोकांपर्यंत पोचविण्याचे शब्द. एक लेखी, दुसरा तोंडी.

ललितेतर लेखनातही हा शब्द दिसतो. भारतीय प्रशासन सेवेत काम केलेले लेखक लक्ष्मीकांत देशमुख यांच्या ग्रंथाचे नाव ‘बखर भारतीय प्रशासनाची’ असे आहे. शब्दक्रम आधुनिक असला, तरी येथे बखरीचे एक जुने लक्षण परत आले आहे. सभासद आणि चिटणीस हे राज्यकारभाराच्या आतले लोक होते. आतून पाहिलेली हकीकत सांगणे हा त्यांचा अधिकार होता. प्रशासनात राहिलेल्या व्यक्तीने प्रशासनाविषयी लिहिताना ‘इतिहास’ न म्हणता ‘बखर’ म्हणावे, यात तोच अधिकार सूचित होतो.

अध्यापन व ग्रंथालय यांच्या दृष्टीने :

वरील विवेचनाचा व्यावहारिक उपयोग दोन ठिकाणी संभवतो.

पहिले ठिकाण ग्रंथालय. दशांश वर्गीकरण पद्धतीनुसार भारताचा इतिहास ९५४ या अंकाखाली आणि मराठी साहित्य ८९१.४६ या अंकाखाली जाते. ‘बखर’ हा शब्द पाहून सर्व ग्रंथ एकत्र ठेवले, तर बिम्म इतिहासाच्या फडताळात जाऊन बसेल. आणि सर्व बखरी साहित्यात ठेवल्या, तर इतिहासाच्या विद्यार्थ्याला सभासद सापडणार नाही. उपाय अवघड नाही. ग्रंथसूचीत परस्परसंदर्भाच्या नोंदी कराव्यात आणि ‘सभासद बखर’ शोधणाऱ्यास ‘शिवछत्रपतींचे चरित्र’ही सापडेल अशी व्यवस्था ठेवावी.

दुसरे ठिकाण वर्ग. कोणतीही बखर शिकविण्यास आरंभ करताना विद्यार्थ्यांपुढे चार प्रश्न ठेवावेत : हे शीर्षक कोणी दिले? केव्हा दिले? त्यातील षष्ठी कर्त्याची की विषयाची? आणि शीर्षक दिले गेले तेव्हा ‘बखर’ या शब्दाचा अर्थ काय होता? या चार प्रश्नांना एक तासिकाही लागत नाही. परंतु त्यामुळे विद्यार्थी नावापाशी न थांबता ग्रंथापर्यंत पोचतो.

आज ऐतिहासिक व्यक्तींविषयी वाद उपस्थित झाला, की ‘बखरीत असे लिहिले आहे’ हे वाक्य दोन्ही बाजूंनी ऐकू येते. आणि ‘ती तर बखर आहे’ असे म्हणून तो पुरावा झटकणारेही भेटतात. दोन्ही भूमिकांत शब्दच निर्णायक मानला जातो. कोणती बखर, कोणी लिहिलेली, घटनेनंतर किती वर्षांनी, कोणाच्या आज्ञेने, हे विचारण्याचे श्रम कोणीच घेत नाही. राजाराम महाराजांच्या काळातील सभासद आणि शिवाजी महाराजांच्या मृत्यूनंतर सुमारे एकशे तीस वर्षांनी लिहिणारे चिटणीस यांना केवळ नामसाम्यामुळे एकाच तागडीत घालणे हे शास्त्रीय अभ्यासात बसत नाही.

निष्कर्ष :

१. ‘बखर’ हे सर्वत्र ग्रंथकर्त्याने दिलेले नाव नाही. काही प्रमुख ग्रंथांना ते व्यवहारातून चिकटले आणि मुद्रणाने स्थिर झाले.
२. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात हा शब्द ‘इतिहास’ या अर्थी शीर्षकांत वापरला गेला. त्या शतकाच्या अखेरीस साधनचिकित्सेमुळे त्याचा ‘इतिहास’शी असलेला समानार्थ तुटला.
३. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात लेखकांनी हा शब्द हेतुपूर्वक निवडला. शब्दक्रमातील बदल हे त्याचे दृश्य चिन्ह होय.
४. म्हणून शीर्षकातील समान शब्द हा ग्रंथांच्या नात्याचा पुरावा नसून, ते नाते तपासून पाहण्याचे निमित्त आहे.

त्या उत्तरपत्रिकेतील विद्यार्थ्याचे गुण कापले गेले. पुढील वर्षापासून मात्र बखरीच्या पहिल्या तासाला प्रस्तुत लेखिका ग्रंथ उघडत नाही. आधी केवळ मुखपृष्ठ वाचावयास सांगते.